वारं, थंडी आणि लांडगा

डिसेंबर लागला की आमच्या ओपीडीत एक शब्द दिवसातून दहा वेळा कानावर पडतो. समोर बसलेल्या गृहस्थांच्या तोंडाचा एक कोपरा खाली ओघळलेला असतो, एक डोळा मिटत नसतो, चहा त्या बाजूनं गळत असतो. ते काही बोलायच्या आत त्यांची मंडळी सांगून मोकळी होते, "यष्टीत खिडकीला बसून आले साहेब, वारं लागलं." त्यांच्यामागं स्ट्रेचरवर एक आजोबा. उजवा हात आणि पाय लुळा, वाचा बंद. मुलगा म्हणतो, "पहाटं अंगावरून वारं गेलं." दुपारी एक सासूबाई सुनेला घेऊन येतात. सून दातखीळ बसून पडली होती. सासूबाई इकडंतिकडं बघून आवाज खाली आणतात, "हिला बाहेरचं वारं लागलंय. पण म्हटलं, आधी तुम्हाला दाखवावं."

पहिल्याचं दुखणं चेहऱ्याच्या नसेचं, दुसऱ्याचं मेंदूतल्या रक्तवाहिनीचं, तिसरीचं बहुतेक वेळा मनावरच्या ताणाचं, कधी फिट्सचं. शब्द मात्र एकच. नांदेड-लातूरच्या पट्ट्यात सरकारी नोकरीत मला तीस वर्षं होत आली. सुरुवातीला या शब्दाचं हसू यायचं, मधली काही वर्षं राग यायचा. आता मी तो केसपेपरवर तसाच लिहून घेतो आणि विचारतो, "कोणतं वारं? कसं आलं? किती वाजता आलं?" शेवटचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा, त्याबद्दल पुढं सांगतो.

आपल्या बोलीत वारं म्हणजे नुसतं हवेचं वाहणं नाही. वासरू वारं पितं आणि उधळतं. देवीपुढं एखाद्या बाईच्या अंगात वारं येतं. वावटळ उठली की आम्हाला लहानपणी बजावलेलं असे, तिच्यात पाय घालू नको, आत भूत फिरतंय. दुसरीकडं मारुती हा वाऱ्याचा लेक, म्हणून गावाच्या राखणीला वेशीवर बसलेला. डोळ्यांना दिसत नाही पण अंगाला जाणवतं असं जुन्या माणसांपुढं दुसरं होतं तरी काय? जे न दिसता येतं आणि धडधाकट माणसाला आडवं करून जातं, त्याला वारं म्हणणं मला अडाणीपणाचं वाटत नाही. सारं जगच तसं बोलत होतं. मलेरिया हा इटालियन शब्द, अर्थ खराब हवा. हा ताप हवेनं नव्हे तर डासानं पसरतो याचा धागा रोनाल्ड रॉस यांच्या हाती लागला २० ऑगस्ट १८९७ रोजी, तोही आपल्या शेजारी सिकंदराबादेत. आपण त्याला हिवताप म्हणतो, म्हणजे आपल्या नावातही थंडी आलीच. लकवा हा शब्द अरबीतला. तिकडं त्याचा अर्थ फक्त चेहरा वाकडा होणं असा होता. आपल्याकडं मुक्कामाला आल्यावर तो सगळ्या अंगावर पसरला.

वाऱ्याची, थंडीची आणि जनावराची एक गोष्ट मी ऐकली ती १९९३ च्या हिवाळ्यात. ती सांगितल्याशिवाय पुढं जाता येणार नाही.

३० सप्टेंबरच्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा मी इंटर्नशिप करत होतो. पुढचे काही महिने आम्हा शिकाऊ डॉक्टरांच्या तुकड्या औसा आणि उमरगा तालुक्यांतल्या पत्र्याच्या शेडांत फिरत होत्या. दिवसा जखमांचं ड्रेसिंग, जुलाबाची आणि खोकल्याची औषधं. रात्री बऱ्याचदा तिथंच मुक्काम. त्या लेकरांचं सगळं आयुष्य दगड-मातीच्या जाडजूड भिंतींच्या घरांत गेलेलं. त्या भिंतींनीच त्या पहाटे माणसं गाडली, पण तोवर त्यांनी वारं कधी आत येऊ दिलं नव्हतं. शेडात सगळंच उलटं. डिसेंबरात रात्रीचं वारं सुटलं की पत्रा थरथरायचा, फटींतून शीळ घालायचा. पत्रा वाजला की लेकरं किंचाळत बाहेर पळायची. त्यांना वाटायचं, पुन्हा हाललं.

यावर आमच्या पेटीत गोळी नव्हती. एका शेडात एक म्हातारी होती. तिची स्वतःची दोन माणसं गेली होती. एका रात्री तिनं पाच-सहा लेकरांना गोधडीत घेतलं आणि सांगितलं, वर पत्र्यावर लांडगा आलाय. मी दचकलो. आधीच भेदरलेल्या लेकरांना ही काय सांगतेय! पण तिचा लांडगा थंडीनं कुडकुडत होता. त्याला गोधडी नव्हती, जवळ घ्यायला माय नव्हती, म्हणून ऊब यावी यासाठी तो पत्र्याला पाठ घासत होता. पत्रा वाजला की ती म्हणायची, "बघा, कूस बदलली त्यानं." आठवडाभरात ती लेकरं पत्र्याच्या आवाजाला हसू लागली. एक बारका पोरगा तर रोज विचारायचा, "आज्जे, त्याला आत घ्यायचं का?"

लांडगा निजला की ती भोपळ्यात बसून येणाऱ्या म्हातारीची गोष्ट लावायची. ही गोष्ट महाराष्ट्रात कुणाला सांगायला नको. डॉक्टर म्हणून मला ती आवडते, कारण तिच्यात कुणी वाघ-लांडगा नसतोच असं म्हणत नाही. तो आहे, भुकेला आहे, वाटेत उभा आहे. म्हातारी त्याच्याशी बोलते, मुदत मागून घेते, लेकीकडं जाऊन अंगावर मांस चढवते आणि मगच परतीच्या वाटेला लागते. म्हातारपणी अंगावरचं मांस झडतं आणि थंडी त्याच अंगाला जास्त बोचते. चार दिवस खाऊन-पिऊन तब्येत सुधारा हा सल्ला मी रोज कागदावर लिहून देतो, पण तो भोपळ्याइतका कुणाच्या लक्षात राहत नाही. आमच्या भागातली येळवस, म्हणजे मार्गशीर्षातली वेळा अमावस्या, मला याच गोष्टीची बहीण वाटते. थंडीच्या तोंडावर सगळं गाव शेतात जाऊन हिरव्या डाळ-दाण्यांची भज्जी, उंडे आणि आंबील पोटभर खातं. प्रथिनांचं इतकं चांगलं जेवण आमच्या आहारतक्त्यातही नसतं.

तीन ते सहा वर्षांच्या मुलांना अंधाराची, आवाजांची, जनावरांची भीती वाटणं हा वाढीचाच भाग आहे. "घाबरू नको, काही नाही तिथं," असं सांगून ती जात नाही, कारण मुलाला तिथं काहीतरी वाजताना ऐकू येत असतं. त्या म्हातारीनं आवाज नाकारला नाही. रूप नसलेल्या भीतीला तिनं चार पाय, एक शेपूट आणि थोडं दुःख दिलं. एवढ्यानं लेकरं झोपली. पुढं बालमानसशास्त्राची जाड पुस्तकं वाचली, पण हे मला त्यांच्याआधी तिनं शिकवलं होतं.

पण हीच युक्ती मोठ्या माणसांच्या आजाराला लावली की घात होतो. लेकराला निजवायला लांडग्याचं नाव पुरतं. आजोबांच्या मेंदूतली गुठळी वाऱ्याचं नाव दिल्यानं विरघळत नाही. उलट नाव मिळालं की घरच्यांना वाटतं, काय झालं ते कळलं, आता उतारा शोधू.

"अंगावरून वारं गेलं" म्हणजे बहुतेक वेळा मेंदूला रक्त पुरवणारी वाहिनी गुठळीनं बंद पडलेली असते, काही वेळा ती फुटलेली असते. मोठी वाहिनी बंद पडली तर दर मिनिटाला मेंदूच्या साधारण १९ लाख पेशी मरतात, असा हिशोब २००६ साली मांडला गेला. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन आहे. १९९५ मध्ये ते तीन तासांच्या आत उपयोगी पडतं हे सिद्ध झालं, २००८ मध्ये ही मुदत साडेचार तासांपर्यंत वाढली. त्याआधी सीटी स्कॅन काढून आत रक्तस्राव नाही याची खात्री करावी लागते, त्यालाही वेळ लागतो. म्हणून मी विचारतो, किती वाजता? आणि उत्तर येतं, "परवा पहाटं."

मधले दोन दिवस बहुधा कबुतरात गेलेले असतात. कबुतर कापून त्याचं गरम रक्त लुळ्या हातापायाला चोळायचं हा उपाय आमच्याकडं आजही चालतो. उडणाऱ्या जिवाचं रक्त अंगातलं वारं ओढून घेतं, असं एका नातेवाइकानं मला समजावलं होतं. स्वतः चांगला शिकलेला माणूस होता. यात अडचण अशी की काही रुग्ण खरोखर सुधारतात. काहींची गुठळी आपोआप सरकते आणि तासाभरात हात उचलायला लागतो. ही मोठ्या झटक्याची आगाऊ सूचना असते, आणि लगेच उपचार न झाल्यास पुढच्या काही दिवसांत खरा झटका येण्याचा धोका सर्वांत जास्त असतो. काहींचा मेंदू हळूहळू नवे रस्ते शोधतो आणि दोन-तीन महिन्यांत माणूस काठी घेऊन चालू लागतो. दोन्ही वेळा श्रेय कबुतराला. जे सुधारत नाहीत ते गावात गोष्ट सांगायला उरत नाहीत.

नुसता चेहरा वाकडा झालेल्यांचं तर आणखी गमतीचं. चेहऱ्याची नस कानामागच्या हाडातल्या एका अरुंद बोगद्यातून जाते. ती सुजली की तिथं तिची कोंडी होते. सुजण्यामागं बऱ्याचदा विषाणूचा हात असावा असं मानतात. यष्टीची खिडकी उगाच बदनाम झाली. यातले दहातले सातएक जण काहीही न करता पूर्ण बरे होतात, म्हणून चेहऱ्याच्या लकव्याला मंत्र, डाग, नाकात पिळायचा पाला असं सगळंच लागू पडतं! पहिल्या तीन दिवसांत स्टेरॉइडच्या गोळ्या सुरू केल्या तर बरं होणाऱ्यांचं प्रमाण वाढतं. डोळा मिटत नसल्यानं बुबुळ कोरडं पडून जखम होऊ शकते, त्याला जपावं लागतं. दोन्ही दुखण्यांतला फरक ओळखायची एक खूण आहे. रुग्णाला भुवया वर करायला सांगा. वाकड्या बाजूला कपाळावर आठ्या पडतच नसतील तर बहुधा दुखणं नसेचं. आठ्या पडतायत पण तोंड वाकडं आहे, हातात बळ नाही, बोलणं अडखळतंय, तर दुखणं मेंदूचं. ही खूण डॉक्टरांच्या सोयीची. घरच्यांनी तिच्यावर विसंबून थांबू नये, आधी गाडी काढावी.

मग थंडीचा संबंध काहीच नाही का? आहे, आणि इथं जुन्या माणसांचं निरीक्षण दाद देण्यासारखं आहे. गारठ्यानं कातडीखालच्या रक्तवाहिन्या आकसतात, रक्तदाब चढतो. हिवाळ्यात तो उन्हाळ्यापेक्षा वरच राहतो, आणि पहाटे उठण्याच्या सुमारास तसाही वाढलेला असतो. "पहाटं वारं गेलं" यातली पहाट खरी, थंडीही खरी. खोटं फक्त वारं. बीपीच्या गोळ्या "आता बरं वाटतंय" म्हणून दिवाळीनंतर बंद करणारे माझे रुग्ण दरवर्षी डिसेंबर-जानेवारीत स्ट्रेचरवरून परत भेटतात.

वारं आणि जनावर यांची जोडी औषधांच्या बाजारातही आहे. लोहा तालुक्यातली माळेगावची खंडोबाची यात्रा ऐन थंडीत भरते. घोडे, गाढवं, उंट यांचा मोठा बाजार असतो. अशा यात्रांतून जडीबुटीवाल्यांची पथारी दिसली नाही असं सहसा होत नाही. वाताच्या दुखण्याला घोरपडीचं किंवा सांड्याचं तेल, लेकरू दचकू नये म्हणून अस्वलाचे केस घातलेला ताईत, भरभराटीला कोल्ह्याचं शिंग. कोल्ह्याला शिंग नसतं हे दुसरीतल्या पोरालाही ठाऊक असतं, पण ते विकत घेणारे बाप लोक असतात. घोरपड मारणं आणि तिचं तेल विकणं १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं गुन्हा आहे, हे तिथं कुणी सांगत नाही. गुडघ्याला तेल चोळून बरं वाटतं ते चोळण्यानं. गोडंतेल घेतलं तरी तेवढंच बरं वाटेल.

आता खऱ्याखुऱ्या लांडग्या-कोल्ह्याकडं येतो.

सदाशिव काशिनाथ छत्रे यांनी १८२८ साली इसापच्या कथा मराठीत आणल्या. लांडगा आला म्हणून खोटीच हाक मारणारा पोरगाही इसापचाच. त्याची गोष्ट आज पोराला खोटं बोलू नये म्हणून सांगतात. मला तिच्यात वेगळंच दिसतं. शेवटी लांडगा खरोखर आला होता आणि गावकरी उठले नाहीत. आमच्या माळरानांवरचा लांडगा आता क्वचित दिसतो. कायद्यानं त्याला वाघाच्या पंक्तीला, पहिल्या अनुसूचीत बसवलंय. कोल्हं मात्र उसाच्या फडांमुळं टिकून आहे. रात्री त्याची कुई ऐकू येत नाही असं गाव लातूर-नांदेडकडं कमी. एरवी ही दोन्ही जनावरं माणसाला टाळतात. मेंढ्या राखणारा धनगर तुम्हाला हेच सांगेल. म्हणून जे कोल्हं दिवसाढवळ्या वस्तीत शिरतं, काठीला भीत नाही, कारण नसताना अंगावर येतं, ते धीट नसतं. ते आजारी असतं. शेतीला रात्रीची वीज मिळते तिथं गहू-हरभऱ्याला पाणी द्यायला बाप-लेक मध्यरात्री बांधावर असतात. गाठ पडायची वेळ तीच.

पंधराएक वर्षांपूर्वीचा जानेवारी. मी तेव्हा ज्या रुग्णालयात होतो तिथं शेतवस्तीवरचा एक नऊ-दहा वर्षांचा मुलगा आला. वडील म्हणाले, "अंग तापायलंय, हाताला मुंग्या यायल्यात म्हणतो." दुपारी एकची वेळ, बाहेर रांग. मी छाती तपासली, घसा बघितला, गोळ्या लिहिल्या. तो सारखा डावं मनगट खाजवत होता. ते मला दिसलं होतं. मी विचारलं नाही.

दोन दिवसांनी रात्री त्याला परत आणलं. मी ड्युटीवर होतो. आजी सोबत होती. ती म्हणाली, "पाणी पिवना झालाय, साहेब. वारं सोसंना झालंय." आणि हळूच, "बाहेरचं वारं धरलंय पोराला."

तीस वर्षांत हा शब्द मी हजारो वेळा ऐकला असेल. त्या एका रात्री तो नेमका होता. रेबीजच्या रुग्णाला पाण्याची भीती वाटते हे बऱ्याच जणांना माहीत असतं. वाऱ्याची भीती वाटते हे कमी जणांना ठाऊक आहे. विषाणू मेंदूच्या खोडाशी, श्वास आणि गिळणं सांभाळणाऱ्या केंद्रांपाशी पोचला की चेहऱ्यावर आलेल्या नुसत्या झुळकेनंही घशाचे आणि श्वासाचे स्नायू आवळतात. रुग्ण दचकतो, मान मागं टाकतो, त्याला गुदमरल्यासारखं होतं. आवाज घोगरा होतो, त्यालाच लोक कुत्र्यासारखं भुंकणं म्हणतात. वॉर्डात पंखे अर्थातच बंद होते. तरी कुणी दार उघडलं की त्या मुलाचं सगळं अंग ताठ व्हायचं. शुद्ध मात्र पूर्ण होती. दार लावा, एवढंच तो पुन्हा पुन्हा सांगत होता. आम्ही दाराच्या फटीत चादर कोंबली.

मग धाकटी बहीण बोलली. दिवाळीनंतर एका रात्री तो वडिलांसोबत पाणी द्यायला गेला होता. बांधावर कोल्हं अंगावर आलं, मनगटाला दात लागले, यानं दगड मारला, ते पळालं. रक्त थोडंच आलं होतं. त्यानं ओढ्यावर हात धुतला आणि घरी कुणाला सांगितलं नाही. बहिणीला देवाची शपथ घातली. कारण शेकोटीला आजोबा सांगायचे, पिसाळलेलं जनावर चावलं की सरकारी दवाखान्यात चार माणसं धरतात आणि पोटात हातभर सुईनं चौदा इंजेक्शनं देतात. पोरांना कुत्र्याच्या पिल्लांपासून दूर ठेवायला रचलेली ती गोष्ट. पोटातली ती जुनी लस बंद होऊन तोवर पाच-सहा वर्षं झाली होती. आजोबांना ते माहीत नव्हतं, कारण आम्ही ते कधी त्यांच्या वस्तीवर जाऊन सांगितलं नव्हतं.

तो तिसऱ्या दिवशी पहाटे गेला. पहिल्या दिवशी मी मनगटाबद्दल विचारलं असतं तरी तो वाचला नसता. लक्षणं दिसू लागल्यावर या रोगावर आजही उपाय नाही. हे मला पक्कं ठाऊक आहे. तरी त्या पहिल्या केसपेपरवरचं अक्षर माझं आहे.

लहानपणी ऐकलेली, पाहिलेली लांडग्याची गोष्ट दुसऱ्या एका मुलाच्याही मनात राहिली होती. १८३१ साली फ्रान्समधल्या आर्ब्वा गावात पिसाळलेल्या लांडग्यानं माणसं चावली. तेव्हा उपाय एकच, लोहाराकडं जाऊन तापल्या लोखंडानं जखम डागणं. ते होत असताना गावात लुई पाश्चर नावाचा आठ वर्षांचा मुलगा राहत होता, चामडं कमावणाऱ्याचा. ६ जुलै १८८५ रोजी याच पाश्चर यांनी कुत्रं चावलेल्या जोसेफ माइस्टर या नऊ वर्षांच्या मुलाला रेबीजची पहिली लस दिली आणि तो जगला. पुढच्या वर्षी रशियातल्या स्मोलेन्स्ककडून लांडगा चावलेले १९ शेतकरी पॅरिसला पोचले. जखमा भयंकर होत्या, दिवसही बरेच गेले होते. तरी १६ जण वाचले.

उरलेलं कोडंही लांडग्यानंच सोडवलं. डोक्याला, चेहऱ्याला खोल चावा असेल तर लस लागू पडायच्या आत विषाणू मेंदूत पोचतो. १९५४ च्या ऑगस्टमध्ये इराणमधल्या साहनेह गावात एका पिसाळलेल्या लांडग्यानं एका रात्रीत २९ जणांना जखमी केलं. डोक्याला चावा असलेले १८ होते. त्यातल्या १३ जणांना लसीबरोबर तयार प्रतिपिंडांचं सीरम मिळालं, त्यांतला एक दगावला. नुसती लस मिळालेल्या पाचांपैकी तीन गेले. आज आम्ही खोल चाव्याला जखमेत सीरम भरतो ते त्या रात्रीच्या हिशोबावर.

तेव्हा कुत्रं, मांजर, माकड, कोल्हं, लांडगं, काहीही चावलं किंवा ओरबाडलं, तर पहिलं काम नळाखाली साबणानं पंधरा मिनिटं जखम धुणं. पंधरा म्हणजे पंधरा, घड्याळ लावून. विषाणूवर साबण जबर काम करतो. हळद, चुना, मिरची, तेल काही लावायचं नाही, जखम बांधायची नाही. त्याच दिवशी दवाखाना. रानटी जनावराचा चावा लहान दिसला तरी सर्वांत गंभीर गटातच धरतात, म्हणजे लस आणि सीरम दोन्ही. सीरम प्रत्येक लहान दवाखान्यात असेलच असं नाही, म्हणून तिथं लस सुरू करून पुढं कुठं जायचं ते लगेच विचारून घ्या. लस दंडात देतात. कातडीत द्यायची असेल तर पहिल्या दिवशी, मग तिसऱ्या, सातव्या आणि अठ्ठाविसाव्या दिवशी, अशा चार खेपा. सुई बारीक असते. एकही खेप चुकवायची नाही. आपल्याकडं रेबीजनं मरणाऱ्यांत बहुतेकांना कुत्रं चावलेलं असतं, कोल्हं-लांडगं क्वचित. आणि संशयित पिसाळलेलं जनावर चावणाऱ्यांत, जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार, शंभरातले चाळीस पंधरा वर्षांखालचे असतात. म्हणजे जी वयं गोष्टी ऐकतात तीच.

म्हणून पालकांना, आजी-आजोबांना एक विनंती. लांडग्याच्या, वाघाच्या, भुताच्या गोष्टी खुशाल सांगा. पण "जेव, नाहीतर डॉक्टर सुई टोचतील" ही गोष्ट तेवढी बंद करा. ओपीडीत हे वाक्य ऐकलं की मी अजूनही उठून बोलतो, नर्सबाई हसतात.

गेल्या हिवाळ्यात निलंग्याकडची एक आठ वर्षांची मुलगी लसीच्या तिसऱ्या खेपेला आजीबरोबर आली होती. कोल्हं ओरबाडलं तशी ती धावत घरी गेली आणि सगळ्यांना ओरडून सांगितलं, असं आजीनं कौतुकानं सांगितलं. मुलीनं मला कोल्ह्याची गोष्ट ऐकवली. मागच्या खेपेपेक्षा या खेपेला ते बरंच मोठं झालं होतं, आता त्याला रेड्याएवढे दात होते. सुई टोचून झाली तरी तिचं चालूच होतं. मी अठ्ठाविसाव्या दिवसाची तारीख कार्डावर लिहून दिली. आजीनं कार्ड कनवटीला लावलं, नातीच्या फ्रॉकवर स्वेटर चढवला, बाही पार मनगटापर्यंत ओढली आणि म्हणाली, "चल, झाक हात. वारं लागंल."

मी काही बोललो नाही.